धावायचं, पण गाठायचं नाही

अब्बा, तुम्हाला मराठी वाचता येत नव्हती. एस.टी.च्या पाट्या तेवढ्या ओळखायचात, आणि त्यासुद्धा अक्षरांवरून कमी, गाडीला कोणत्या गावची माणसं चढतात त्यावरून जास्त. तरी मी मराठीतच लिहितेय. घरात आपण दखनी बोललो, पण लिहायची वेळ आली की माझ्या हाताला मराठीच येते, आणि ती तुमच्याच हट्टाने आली. गल्लीतल्या सगळ्या पोरी उर्दू शाळेत जात होत्या तेव्हा तुम्ही मला मराठी शाळेत घातलंत. अम्मा चिडली, तर म्हणालात, "जिस जमीन पे रहते, उसकी लिखावट आना." आता भोगा त्याची फळं. मला सांगायचंय ते असं, की मागच्या महिन्यात तुमची नात पळणं सोडते म्हणाली. तुम्ही गेलात तेव्हा ती जन्मली नव्हती, त्यामुळे आधी तिची ओळख करून देते. अकरावीत आहे, लातूरला. चारशे मीटर पळते. उंची तुमची, पोटऱ्या तुमच्या, रंग तुमचा, केस तुमचे, आणि तोंड मात्र माझं, म्हणजे फटकळ. मी इथं एका शाळेत खेळाची शिक्षिका आहे, म्हणून तिची कोचही मीच. तुमचे जावई म्हणतात, एकाच बाईला आई आणि कोच दोन्ही केलं की पोरीने पळून जायचं तरी कुठं? ते गमतीत म्हणायचे. मागच्या महिन्यात ते खरंच होतंय की काय असं वाटलं.

झालं असं. नांदेडला विभागीय स्पर्धा होत्या. पोरीचा नंबर लागणार हे मलाच काय, ग्राउंडवरच्या चहावाल्यालाही ठाऊक होतं. हीटमध्ये पहिली आली होती. फायनलच्या आधी पोरी वॉर्मअप करत असताना पांढरा शर्ट घातलेला एक गृहस्थ टेबलापाशी आला. त्याची मुलगी दुसऱ्या हीटमधली. मला ऐकू जाईल अशा बेताने म्हणाला, "सर, ही पोरगी इथली वाटत न्हाई. आफ्रिकेची बिफ्रिकेची असंल. आजकाल कुठून कुठून शिकायला येऊन राहिलेत. आणि वय बी बघा जरा, ही अकरावीची दिसती का?" माझं डोकं सणकलं. म्हटलं, "भाऊसाहेब, ही लातूरची, मी नांदेडची, माझे वडील नांदेडचे, माझ्या सासऱ्यांची मैत सुद्धा अहमदपूरलाच झाली. आफ्रिका आम्ही नकाशात बघितली, तुमच्याचसारखी." पण हरकत घेतली म्हणजे कागद तपासायचे हा नियम. आधार, बोनाफाईड, जन्माचा दाखला, सगळं होतं माझ्या पिशवीत. मी अनेक वर्षं ते घेऊनच फिरते, तुमच्याचमुळे ती सवय लागली. सगळं तपासेपर्यंत पोरीला बाकावर बसवलं. बाकीच्या पोरी पळत होत्या, पाय झटकत होत्या, आणि ही स्पाइक्स घालून बाकावर, हात मांडीवर, चोरी केल्यासारखी. कागद बरोबर निघाले. "ठीक आहे, जा गं," एवढंच म्हणाले. थंड पायांनी ती लाईनवर गेली आणि चौथी आली. पहिल्या तिघींची निवड होणार होती.

परतीच्या गाडीत ती खिडकीपाशी बसली आणि लोहा गेलं, अहमदपूर गेलं, तरी अक्षर बोलली नाही. अहमदपूरच्या स्टँडवर मी भजी घेतली, तिने नको म्हणून मान हलवली. शेजारची बाई भली होती बिचारी, तिला वाटलं विचारपूस करावी. म्हणाली, "ताई, तुमची पोरगी मराठी बोलती का?" मी म्हटलं, "बोलती की. आज उपास आहे बोलायचा." घर आल्यावर चपला काढता काढता पोरगी म्हणाली, "मम्मी, मी आता पळणार नाही." मी म्हटलं, जेव, झोप, सकाळी बघू. ती म्हणाली, "सकाळी पण नाही." आणि खरंच सकाळी उठली नाही. मी ग्राउंडवर एकटी गेले. शाळेच्या पोरी विचारत होत्या, ताई कुठंय? मी म्हटलं ताप आलाय. आठवडाभर तिला ताप होता.

त्याच आठवड्यात एक माणूस आला. उदगीरकडचा, तरुण, गळ्यात मोबाईलची दोरी. औशाच्या किल्ल्यात ऐतिहासिक मालिकेचं शूटिंग होतं आणि त्यासाठी गर्दीची माणसं जमवायचं त्याचं काम. कुणीतरी आमचा पत्ता दिला. "मॅडम, तुमच्यासारखे फेस पाहिजेत आम्हाला. दरबारात हबशी पहारेकरी असतात ना, तसे. मुलगी पण चालेल, राणीच्या महालावर." बोलता बोलता त्याची नजर भिंतीवरच्या तुमच्या फोटोकडे गेली. तोच, हैदराबादच्या स्टुडिओतला. कमरेला वाघाचं कातडं, हातात भाला, गळ्यात कवड्या, आणि चेहऱ्यावर इतके गंभीर भाव की जणू फोटोवाल्याला आता खाणारच आहात. तो उठून उभाच राहिला. "हे कोण?" म्हटलं, माझे वडील. "अरे वा! मग तर रक्तातच आहे तुमच्या." माझ्या मनात आलं, अरे दादा, आमच्या रक्ताचा तपास आजकाल सगळेच करायला लागलेत. पण मी काही म्हणायच्या आत आतल्या खोलीतून पोरगी आली आणि म्हणाली, "मी येते. कधी यायचं?"

मी रात्री स्वयंपाक करता करता तिला विचारलं, का? ती म्हणाली, "ग्राउंडवर ह्या चेहऱ्यासाठी बाकावर बसवतात. तिकडं ह्याच चेहऱ्यासाठी बोलावतात, वर पैसे देतात. तूच सांग मी कुठं जाऊ." मी कोच आहे, उत्तर नसलं की मी शिट्टी वाजवते, पण घरात शिट्टी कशी वाजवणार? तुमचे जावई ताटावरून म्हणाले, "जाऊ दे तिला. एक दिवस मजा येईल." मी त्यांच्याकडे बघितलं तसे ते गप जेवायला लागले. पण मनात मी ठरवलं, की ही पोरगी पळणं सोडणार नाही. मला तिला सोडूच द्यायचं नाही. कसं, ते माहीत नव्हतं. तेव्हा मला तुम्ही आठवलात, आणि एक गोष्ट लक्षात आली. मी तिला नाना, म्हणजे तुम्ही, सांगितले ते सिनेमातले नाना. ज्यांना बघायला लोक टॉकीजला जायचे ते. पळणारे नाना मी तिला कधी सांगितलेच नव्हते. लोकांना तो भालेवाला फोटो आवडतो, मग मीही तेवढंच सांगत गेले.

मला आधी आठवतं ते देगलूर नाक्यामागचं घर आणि अंगणात अंथरलेल्या वाकळी. तुम्ही त्यावर पडायचात. मुद्दाम. कधी छातीवर ठोसा बसल्यासारखे मागे, कधी पाठीत लाथ बसल्यासारखे पुढे, कधी गोल फिरून. शेजारची मुलं कुंपणावर बसून टाळ्या पिटायची. अम्मा चुलीपाशी भाकरी थापत ओरडायची, "अजी, तवा हलतोय तुमच्या पडण्यानं." तुम्ही उठून धूळ झटकून मला समजवायचात, "गिरना बी काम हय, बेटा. आदमी ऐसा गिरना की मारने वाला बडा दिखना." हिरो मोठा दिसला की पुढच्या सिनेमाला तुम्हाला परत बोलावणं. तुम्ही कधी डाकूचा माणूस, कधी नवाबाचा पहारेकरी, कधी जंगलातला कुणीतरी, ज्याला भाषाच नाही, नुसतं गुरगुरायचं. एकदाच एक वाक्य मिळालं होतं, "हुकूम, सरकार." ते तुम्ही महिनाभर घरात म्हणत होतात. अम्माने मीठ मागितलं तरी, "हुकूम, सरकार." सिनेमा नांदेडला लागला तर ते वाक्य कापलेलं होतं. तुम्ही हसलात आणि अम्मा त्या दिवसापासून टॉकीजला आली नाही.

आणि तो दिवस तर मला रंगासकट आठवतो. तुम्ही हैदराबादहून रात्रभराचा प्रवास करून सकाळी आलात, अम्माने खिचडी आणि चिंचेचा खट्टा केला होता. तुम्ही जेवायला बसलात तर मानेवर, कानामागे, नखांत काळं. ते तुमचं नव्हतं, वरचं होतं. अम्माने बोट फिरवून बघितलं. बोट काळं झालं. "ये क्या?" तुम्ही हसत म्हणालात, "कॅमेरे कू मैं गोरा दिख्या बोलते." तुमच्यावर, अब्बा, तुमच्यावर काळं फासलं होतं त्यांनी. तुमचा आहे तो काळा त्यांना पुरला नव्हता. अम्माने गोडेतेलाची वाटी घेतली, चुलीजवळ तुम्हाला पाटावर बसवलं, आणि चिंधीने घासायला लागली. तुम्ही "हळू, हळू" म्हणत होतात आणि ती मान घासतच होती. कुणाची तरी मानगूट तिच्या हाती सापडली असावी तसं. मी दारात उभी. खिचडी गार झाली, तरी तिने तुम्हाला उठू दिलं नाही.

हे मी पोरीला सांगितलं. ती भाजी निवडत होती, तिचा हात थांबला. मग मी तिला त्याच्या आधीचं सांगितलं. तुमचे आजोबा निजामाच्या हबशी घोडेस्वार पहाऱ्यात हैदराबादला आले, तुमचे वडील नांदेडला राहिले, आणि तुम्ही कापडगिरणीत लागलात. कामासाठी नव्हे, पळण्यासाठी. गिरणीची टीम होती, तिला पळणारा पाहिजे होता. शंभर, दोनशे, चारशे, जे म्हणाल ते, अनवाणी. काळ्या मातीवर चुन्याच्या रेघा मारलेल्या असायच्या आणि तुम्ही पळालात की मागच्यांच्या तोंडात चुना जायचा असं अम्मा सांगायची. औरंगाबादेत, हैदराबादेत, कुठं कुठं जाऊन तुम्ही पितळी कप आणलेत. त्यातल्या एकात अम्मा हळद ठेवायची. दर वेळी कुणी ना कुणी विचारायचं, हा माणूस कुठला? आणि दर वेळी गिरणीच्या मॅनेजरला दाखला लिहून द्यावा लागायचा की हा आमचाच, नांदेडचाच. मग गिरणीची टीम बंद झाली. पळणाऱ्याला कापसाच्या खात्यात टाकलं, तिथं तुमचा श्वास भरून यायला लागला. त्याच वेळी एक सिनेमावाला आला आणि म्हणाला, तुमच्यासारखा चेहरा पाहिजे.

पोरगी म्हणाली, "म्हणजे माझ्यासारखंच." म्हटलं, हाव, तसंच. मग मी तिला हिरोला पकडल्याची गोष्ट सांगितली. तुम्ही ती अम्माला सांगत होतात तेव्हा मी बारा-तेरा वर्षांची असेन, बाजेवर झोपल्याचं सोंग घेऊन ऐकत होते. हिरो पळतो, तुम्ही मागे. सीन एवढाच. डायरेक्टरने समजावून सांगितलं होतं, जोरात पळल्यासारखं कर, पण गाठायचं नाही. तुम्ही पळालात. हिरोचं पोट सुटलेलं, त्याला दम लागत होता. कट. परत. कट. परत. दर वेळी तुम्हाला आणखी हळू पळायला सांगत होते. आणि एका टेकमध्ये तुम्ही त्याला पकडलंत. कॉलरला. स्वच्छ. सगळं युनिट उभं राहिलं. हिरोचा चेहरा लाल. अम्माने विचारलं, "का पकडलंत? नक्को बोलले होते ना?" तुम्ही म्हणालात, "पाँवां भूल गए की ये झूटमूट का हय." तुम्हाला त्या सिनेमातून काढलं. मला त्या बाजेवर इतका आनंद झाला होता, अब्बा, की उशीत तोंड खुपसून हसले.

मला वाटलं, झालं. गोष्ट लागू पडली. पण तुमची नात माझी मुलगी आहे. तिने विचारलं, "मग नाना परत गेले का सिनेमात?" मी म्हटलं, गेले. "परत कुणाला पकडलं?" नाही म्हटलं. "मग किती वर्षं नुसते मागे पळत राहिले?" मी सांगितलं, खूप वर्षं. ती म्हणाली, "तुझ्या फीसाठी ना? तुझ्या बी.पी.एड.साठी?" मी मान हलवली. "मग ते चुकले का?" नाही म्हटलं, चुकले नाहीत. "मग मी पण नाही चुकणार," ती म्हणाली आणि भाजी निवडायला लागली. बोला आता. तुमच्यावर मी लहानपणी रागावले होते ते याच कारणाने. पकडायला येतं तर रोज का पकडत नाही, असं मला वाटायचं. पुढे माझं घर झालं, शाळा झाली, तेव्हा कळलं की पोट भरायला हळू पळणं हे जोरात पळण्यापेक्षा अवघड असतं. राग गेला. पण राग गेला म्हणून मी माझी पोरगी हळू पळायला सोडून देईन, असं नाही. मी तिला एवढंच म्हटलं, "जा. पण मी सोबत येणार." ती म्हणाली, "आई म्हणून का कोच म्हणून?" म्हटलं, एस.टी.चं अर्धं तिकीट लागतं बायांना, म्हणून.

औशाच्या किल्ल्यात आम्ही सकाळीच पोचलो. किल्ला लोकांनी भरलेला होता. पोहे मिळाले, चहा मिळाला, सगळे गोड बोलत होते, मला खोटं नाही सांगता येत. पोरीला निळा अंगरखा आणि कमरबंद दिला. ती देखणी दिसत होती. मला क्षणभर वाटलं, खरंच बरी जागा आहे ही. मग तिला मेकअपच्या तंबूत नेलं. मी पडद्याबाहेर उभी. मेकअपवाले गृहस्थ वयस्कर, चष्मा नाकाच्या टोकावर, हात हलका. त्यांनी डबी उघडली, स्पंज बुडवला आणि तिच्या एका गालावर लावलं. पोरगी म्हणाली, "काका, हे काय?" "थोडं डार्क करायचंय, बाळा. लायटीत उठून दिसत नाही." "मी काळीच आहे की." "हाय, हाय. पण त्यांना लई काळी पाहिजे. हबशी म्हणलं की लोकांना तसं लागतंय." माझे पाय पुढे जायला लागले होते. मी ते तिथंच रोवले. तोंडाला कुलूप घातलं, कारण आता मी बोलले असते तर तो माझा निर्णय झाला असता आणि तिने तो आयुष्यभर माझ्या माथी मारला असता. आरशात तिने स्वतःला बघितलं. एक गाल तिचा, एक गाल त्यांचा. मग म्हणाली, "पुसून द्या, काका."

काका थांबले. म्हणाले, "बाळा, एका दिवसाचा तर प्रश्न हाय." ती म्हणाली, "माझ्या नानांचा पण एकाच दिवसाचा होता." त्यांना काय कळलं कोण जाणे, पण त्यांनी वाद घातला नाही. कापूस घेतला, क्रीम लावलं, हळुवार पुसलं. "माझ्या हातात न्हाई गं हे," एवढं म्हणाले. तो मोबाईलची दोरीवाला मात्र तणतणला, पहारेकरीण कुठून आणू आता, सगळा दिवस वाया जाईल. पोरीने अंगरखा घडी घालून त्याच्या हातात दिला. मी त्याला म्हटलं, "दादा, पहारेकरी खूप आहेत, एक कमी झाली तर राणी पळून जाणार नाही." लातूरच्या गाडीत बसल्यावर तिच्या कानामागे थोडं राहिलेलं दिसलं. मी ओढणीचं टोक ओलं करून पुसायला लागले. तिने मान वाकडी केली आणि पुसू दिलं. खिडकीबाहेर बघत म्हणाली, "पुढच्या वेळी ते कागद मी देणार. तू पिशवी उघडायची नाही." मी विचारलं, कुठल्या पुढच्या वेळी? ती म्हणाली, "नांदेडला वयोगटाची निवड चाचणी आहे ना महिन्याने. तूच भिंतीवर लावलंय ते पत्रक." मी खिडकीच्या दुसऱ्या बाजूला तोंड केलं. तिथं एक माणूस बसला होता, त्याला वाटलं मी त्याच्याकडे बघून हसतेय.

तो महिना मी तिला सोडलं नाही. आणि तिनेही मला सोडलं नाही. दयानंद कॉलेजच्या बाजूचं असो की शाळेचं, जे ग्राउंड मोकळं मिळेल तिथं पहाटे हजर. वळणावर ती अंग सैल सोडते, ही तिची जुनी खोड. मी पळायचे तेव्हा तुम्ही मला नदीकाठच्या मैदानात झापलं होतंत तसंच मी तिला झापलं. आठवतंय? मी शेवटच्या टप्प्यात मान वळवून मागे बघितलं होतं, तर तुम्ही रेषेपाशी उभे, कमरेवर हात. "पीछे क्या देखती? पीछे वाले तेरे कू देखते." मी तेच तिला दखनीतच सांगितलं. मराठीत त्याचा जोर येत नाही. तुमचे जावई पहाटे उठून आम्हाला दूध-खजूर द्यायला लागले आणि वर मला म्हणायला लागले, मी म्हटलंच होतं एक दिवस जाऊ दे तिला. म्हटलं, हो, तुमचीच अक्कल.

आज ती चाचणी झाली. मी आत्ताच घरी आलेय, पाय सुजलेत, आणि तुम्हाला लिहायला बसलेय. मला वाटलं तसंच झालं, पुन्हा हरकत. माणूस दुसरा, बोलणं तेच. "ही इथली वाटत न्हाई." मी जागची हलले नाही. पोरगी आपल्या पायांनी टेबलापाशी गेली, पिशवीतून कागद काढले आणि समोर ठेवले. टेबलावरचे सर म्हणाले, "ठीक आहे, आम्ही बघतो, तू बस बाकावर." ती म्हणाली, "मी बसणार न्हाई, सर. तुम्ही वाचा, मी तोवर वॉर्मअप करते. आणि वाचून होईस्तोवर रेस सुरू करायची न्हाई. मागच्या वेळी मला थंड पायांनी पळवलं तुम्ही." आवाज चढलेला नव्हता. सर जरा गडबडले, इकडेतिकडे बघितलं. मग ओरडले, "थांबा गं पोरींनो, पाच मिनिटं थांबा." सगळ्या थांबल्या. कुरकुर झाली. त्यातली एक, नांदेडचीच, उंच, जिची सगळ्यांना भीती वाटते ती, पुढे आली आणि म्हणाली, "चल, मी बी परत करते, माझे बी पाय गार पडलेत." आणि दोघी जोडीने पळायला लागल्या. कागद वाचून झाले. हरकत घेणारा माणूस कुठे गेला ते मी बघितलं नाही.

रेस अशी झाली. पहिल्या वळणाला ती चौथी होती. मला तिचा राग यायला लागला. मागच्या सरळ भागात तिसरी. दुसऱ्या वळणावर तिने अंग सोडलं नाही, अब्बा. तिथं ती दुसरी झाली. शेवटी ती आणि ती नांदेडची उंच पोरगी, खांद्याला खांदा. पोरीने डावीकडे बघितलं नाही, उजवीकडे बघितलं नाही, मागे तर नाहीच नाही. आणि ती गेली पुढे. पहिली. राज्याच्या निवडीत तिचं नाव गेलं. मी दोरीवरून उडी मारली, ह्या वयात, गुडघ्याला नी-कॅप आहे तरी. चहावाल्याने चहा फुकट दिला. तुमचे जावई फोनवर हॅलो हॅलो एवढंच करत राहिले.

हे पत्र टाकायचं कुठं? कब्रस्तानात बायका जात नाहीत, आणि जावयांच्या हाती दिलं तर ते वाटेत वाचतील आणि त्यांच्याविषयी लिहिलेलं बघून तोंड फुगवतील. तेव्हा जाणार नाहीच ते. म्हणून एक गोष्ट सांगून टाकते, दुसऱ्या कुणाला सांगायची माझी हिंमत नाही. रेसभर घड्याळ माझ्या मुठीत होतं आणि मी ते दाबलंच नाही. एवढी वर्षं पोरांच्या वेळा घेतेय, कधी चुकले नाही, आणि आज अंगठा नुसता वर ठेवून बघत बसले. पोरगी धापा टाकत आली आणि पहिलं हेच विचारलं, "मम्मी, किती आलं?" मी घड्याळाकडे बघितल्यासारखं केलं आणि एक वेळ सांगितली. मनातली. आईच्या मायेने जेवढी चांगली सांगायची हिंमत झाली तेवढी. तिचा चेहरा फुलला. मग तासाभराने अधिकृत यादी लागली, आणि मी घाबरत घाबरत बघायला गेले, की आता माझं खोटं उघडं पडणार. पडलं. खरी वेळ माझ्या खोट्यापेक्षा चांगली होती. हरकत घेणाऱ्यांनी तिला परकी धरलं, सिनेमावाल्यांनी तिला फिकी धरलं, आणि अब्बा, मी तिची आई, मी तिला हळू धरलं.